अंतराची सबब : फाळणी, माहितीपट आणि मराठी समीक्षा

मराठी साहित्याला फाळणीचा अनुभव नाही, हे विधान आपल्या समीक्षाव्यवहारात सिद्ध प्रमेयासारखे वावरत आले आहे. पंजाब, बंगाल, सिंध येथे जे घडले ते महाराष्ट्रापासून दूर घडले. सबब मराठीत मंटो संभवत नाही, असा हा युक्तिवाद. आनंद पटवर्धन यांच्या 'वसुधैव कुटुंबकम्' (२०२३) या माहितीपटाने या प्रमेयाची उलटतपासणी आरंभली आहे. एका घराण्याची हृद्य आठवण म्हणून त्याचे कौतुक करून मोकळे होणे म्हणजे ही उलटतपासणी टाळणेच होय.

पटवर्धनांचे पितृकुल अहमदनगरचे. रावसाहेब व अच्युतराव हे त्यांचे काका स्वातंत्र्यलढ्यातील अग्रणी. आई निर्मला पटवर्धन सिंधमधील हैदराबादच्या, मृत्तिकाशिल्पी म्हणून ख्यातकीर्त; त्यांचे वडील भाई प्रताप यांनी सिंधी निर्वासितांसाठी कच्छमध्ये गांधीधाम वसविले. म्हणजे एका मराठी घराच्या स्वयंपाकघरापर्यंत फाळणी पोहोचलेली होती. वृद्ध आईवडिलांशी कॅमेऱ्यासमोर झालेल्या गप्पा हे या माहितीपटाचे मुख्य साधन. त्यांतील विस्मरण, थट्टा आणि अडखळणे ही संहितेची वैगुण्ये नव्हेत. अधिकृत इतिहासाला ज्यांची गरज भासत नाही, असे ते पुरावे आहेत.

'दूर' म्हणजे कोठून दूर, हा प्रश्न अक्कलकोटहून विचारला तर त्याची धार वाढते. १९४८ मध्ये मुंबई प्रांतात विलीन झालेल्या या संस्थानाची सीमा निजामी मुलखाला भिडलेली होती. हैदराबाद संस्थान १५ ऑगस्ट १९४७ ला भारताबाहेर राहिले. रझाकारांचे अत्याचार वाढले. १३ ते १७ सप्टेंबर १९४८ या काळात पोलीस कारवाई झाली. त्यानंतरच्या हिंसेत सत्तावीस ते चाळीस हजार माणसे मारली गेली, असा पंडित सुंदरलाल समितीचा अंदाज होता. उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर व नांदेड या जिल्ह्यांना सर्वाधिक झळ पोहोचली. त्यांतील पहिले दोन जिल्हे तर अक्कलकोटचे शेजारीच. हा अहवाल दीर्घकाळ अप्रकाशित राहिला.

यावर आक्षेप ठरलेला आहे : ही फाळणी नव्हे, हा मुक्तिसंग्राम. रझाकारांचा जुलूम निर्विवाद आहे, आणि अनंत भालेराव, नरहर कुरुंदकर यांनी त्या लढ्याची मांडणी अधिकाराने केली आहे. परंतु १९४७ च्या विभाजनाला वगळून हैदराबादचा प्रश्न उलगडत नाही. 'मुक्ती' ही संज्ञा खरी आहे. ती पुरेशी मात्र नाही. मुक्तीनंतर ज्यांची घरे उद्ध्वस्त झाली त्यांना या संज्ञेत जागा नाही. मराठीतील मौनाचे कारण भौगोलिक अंतर नसून हीच संज्ञानिवड आहे.

पटवर्धनांच्या माहितीपटालाही मर्यादा आहे. ज्या घरांत छायाचित्रे जपली गेली, ज्यांच्या ओळखी गांधी-नेहरूंपर्यंत होत्या, त्यांची स्मृती त्यात सहज उपलब्ध होते. सीमाभागातील शेतमजुराच्या, विणकराच्या घरी असा संग्रह नाही. पण यातून माहितीपटाची पद्धती निकामी ठरत नाही. उलट तिचा विस्तार करण्याची निकड सिद्ध होते.

ती जबाबदारी मराठी विभागांची आहे. अक्कलकोट, उमरगा, आळंद या पट्ट्यात मराठी, कन्नड आणि दखनी बोलणारे, १९४८ आठवणारे मोजकेच वृद्ध आता उरले असतील. त्यांच्या साक्षी नोंदवून त्यांचे संहिता म्हणून वाचन करावे. तोवर मराठीला फाळणीचा अनुभव नाही, असे लिहिण्याचा अधिकार समीक्षेला नाही.