देवाचं गाणं, बाईचा आवाज

देवाची गाणी म्हटली की आपल्यापैकी अनेकजणींच्या कपाळाला आठी पडते. ‘बायकांना देवाधर्मात गुंतवून ठेवलं की त्या प्रश्न विचारत नाहीत’, हे आपण शिबिरांतून कितीदा बोललो आहोत. त्यात तथ्य आहेच. पण पश्चिम आफ्रिकेतल्या घाना देशाच्या गायिकांची भक्तिगीतं कुठून आली हे समजून घेताना माझं हे मत थोडं हललं.

घानाचं लोकप्रिय संगीत म्हणजे हायलाइफ. गिटार, ट्रम्पेट, स्थानिक ताल आणि पाय थिरकवणारी लय. पण त्यात बाई कुठे होती? हायलाइफ वाजवत गावोगाव फिरणाऱ्या ‘कॉन्सर्ट पार्टी’ नावाच्या नाटकमंडळ्यांत बायकांची कामंही पुरुषच करत. रात्री-बेरात्री चारचौघांत गाणारी बाई चांगल्या घरातली कशी असेल, हा सवाल आपल्यालाही परका नाही. १९५० च्या दशकात ई. टी. मेन्सा यांच्या ‘टेम्पोज’ बँडबरोबर ज्यूली ओकीन गायल्या, तेव्हा त्या अपवादच होत्या. त्यांच्या एका इंग्रजी गाण्याच्या नावाचा अर्थ ‘केवळ पुरुषाची गुलाम’ असा होतो. नुसत्या नावापाशीच आपण थबकतो.

मग चित्र बदललं कसं? १९७९ मध्ये लष्करी राजवटीने राजधानी अक्रामधला माकोला बाजार जमीनदोस्त केला. महागाईचं खापर तिथल्या व्यापारी बायकांवर फोडलं गेलं. १९८१ च्या ३१ डिसेंबरला पुन्हा लष्करी उठाव झाला आणि पाठोपाठ रात्रीची संचारबंदी आली; ती १९८४ पर्यंत चालली. नाइटक्लब ओस पडले, बँड मोडले. अनेक वादकांनी चर्चचा आसरा घेतला, आणि त्यांच्यासोबत हायलाइफची लयही तिथे रुजली.

चर्चमध्ये गाणाऱ्या मुलीला मात्र कुणी नावं ठेवू शकत नव्हतं! घरचे अडवेनात. मेरी गान्सा, टॅगो सिस्टर्स या जुळ्या बहिणी, ‘डॉटर्स ऑफ ग्लोरियस जीझस’ हे तिघींचं त्रिकूट अशा कितीतरी गायिका पुढे आल्या. शब्द येशूचे, ताल हायलाइफचा. ज्या तालावर गाणं बाईला बदनाम करत होतं, तोच ताल आता तिला मान देऊ लागला.

याची मुळं जुनी आहेत. एकोणिसाव्या शतकात किनाऱ्यावरच्या मेथडिस्ट चर्चमधल्या निरक्षर फान्टी बायकांना इंग्रजी स्तोत्रं वाचता येत नव्हती. त्यांनी आपल्या भाषेत, आपल्या चालीत गाणी रचली. एकीने उचलायचं, बाकीच्यांनी झेलायचं. त्यांना ‘एबिबिन्डवोम’ म्हणतात. विशेष म्हणजे पाद्र्याचं प्रवचन चालू असताना मध्येच एखादी बाई उठून गाणं सुरू करते, आणि प्रवचन थांबतं!

मला हे ‘मध्येच’ फार मोलाचं वाटतं. व्यासपीठ पुरुषाचं, पण त्याला थांबवायचा हक्क तिच्या गळ्याला.

म्हणून हुरळून जायचंही कारण नाही. पाद्र्यांमध्ये आजही पुरुषांचाच भरणा आहे. गाणं संकटातून तारल्याबद्दल देवाचे आभार मानतं. संकट कुणी आणलं हे बहुतेकदा सांगत नाही. शिवाय आब राखायला बाईला देवाचीच ओळख का दाखवावी लागावी? नाचाच्या रात्री तिने नुसतं प्रेमाचं गाणं म्हटलं असतं, तर तिची अब्रू कमी कशी ठरते?

हे प्रश्न आपण विचारायलाच हवेत. पण ते विचारण्याआधी तिचं गाणं पुरतं ऐकू या. गाणाऱ्या बाईला ‘तू फसली आहेस’ असं सांगणं म्हणजे आणखी एक प्रवचनच. आणि तसं झालं, तर तिने मध्येच गाणं सुरू करून आपल्यालाही थांबवावं.