करारातील कर्ता

उषाताई डांगे यांचे आत्मकथन १९७० साली प्रसिद्ध झाले. त्याचे नाव 'पण ऐकतं कोण?'. मराठी आत्मचरित्रांच्या अभ्यासात हे पुस्तक बहुधा एका नामवंत कामगार नेत्याच्या पत्नीच्या आठवणी म्हणून नोंदले जाते आणि रमाबाई रानडे यांच्यापासून चालत आलेल्या त्या मोठ्या रांगेत त्याला एक जागा देऊन समीक्षा मोकळी होते. वस्तुतः उषाताई स्वतः मुंबईच्या गिरण्यांतील स्त्रियांना संघटित करणाऱ्या कार्यकर्त्या होत्या. हे ध्यानात घेतले म्हणजे शीर्षकातील प्रश्नाचा रोख बदलतो. तो संसारातील गाऱ्हाण्यापुरता उरत नाही. कामगार चळवळीच्या मर्मालाच जाऊन भिडतो. कारण सामुदायिक वाटाघाटी म्हणजे तरी काय? एकट्याने सांगितलेले मालक ऐकत नाही, म्हणून अनेकांनी एकमुखाने सांगणे आणि ऐकण्यास त्याला भाग पाडणे, हेच ना? मात्र त्या एका मुखाने कोणाकोणाचे बोलणे बोलले जाते, हे सहसा विचारले गेले नाही.

वाटाघाटींना एक ठरलेला क्रम असतो. आधी मागणीपत्र तयार होते, मग चर्चा, क्वचित संप, आणि शेवटी करार. मागणीपत्र आणि करार ही दोन्ही लेखी संहिता आहेत. अर्थशास्त्रज्ञ आणि विधिज्ञ त्या वाचतात. साहित्याचे अभ्यासक त्यांच्याकडे फिरकत नाहीत. तथापि, प्रत्येक संहितेत एक बोलणारा असतो, एक गृहीत वाचक असतो आणि काही अनुल्लेख असतात, हे ज्यांना शिकवावे लागत नाही, त्यांनी या कागदांकडे पाठ फिरवावी हे नवल आहे. मराठीत 'कर्ता' या शब्दाचे दोन अर्थ आहेत. वाक्यातील क्रिया करणारा तो व्याकरणातील कर्ता. घर चालविणारा तो कुटुंबातील कर्ता. कामगार करारांमध्ये हे दोन्ही अर्थ एकत्र आले आहेत. 'कामगार' हा शब्द पुल्लिंगी. मजुराची मजुरीण होते, पण कामगाराचे स्त्रीलिंगी रूप भाषेत रुळलेले नाही. 'स्त्री कामगार' असे विशेषण जोडूनच काम भागवावे लागते. वेतन मागायचे ते कुटुंब पोसणाऱ्या कर्त्यासाठी, या गृहीताला भाषेनेच असा आधार दिला. स्त्रीची मिळकत मग आपोआप पूरक ठरली, आणि पूरक मिळकतीसाठी कोणी संप पुकारत नाही.

या गृहीताचे परिणाम मुंबईच्या गिरणगावात स्पष्ट दिसतात. विसाव्या शतकाच्या पहिल्या तीन दशकांत तेथील गिरण्यांत दर पाच कामगारांमागे सुमारे एक स्त्री होती. रीळ आणि वाइंडिंग ही बायकांची खाती मानली जात. त्यांच्यावर देखरेख करणाऱ्या बाईला 'नायकीण' म्हणत. नोकरी देणे-घेणे बरेचसे तिच्या मर्जीवर अवलंबून असे. पुरुष जॉबर आणि नायकीण यांचे अधिकार एकाच जातीचे. परंतु 'नायकीण' या शब्दाचा मराठीतील दुसरा अर्थ काय आहे, हे वाचकांना सांगायला नको. गिरणीत अधिकारपद मिळालेल्या स्त्रीला नाव द्यावयाचे, तर समाजाजवळ त्यासाठी निष्कलंक शब्द नव्हता.

१९२८ च्या सहा महिने चाललेल्या सार्वत्रिक संपात स्त्रिया मागे राहिल्या नाहीत. पुढल्याच वर्षी मुंबई इलाख्यात प्रसूतिलाभाचा कायदा झाला. ही मोठीच मिळकत होती. पण या लाभाचा भार त्या त्या मालकावर पडत असल्याने स्त्रीला कामावर ठेवणे त्याला महाग वाटू लागले. स्त्रियांना रात्रपाळीत काम देण्यास कायद्याने बंदी होती; गिरण्या दोन आणि तीन पाळ्यांत चालू लागल्या, तशी ही बंदी नोकरी न देण्याचे कारण होऊन बसली. यंत्रांचे आधुनिकीकरण झाले, तेव्हा बायकांच्या खात्यांतील माणसे प्रथम कमी झाली. स्वातंत्र्यानंतरच्या दशकांत स्त्रियांचे प्रमाण घसरत गेले आणि १८ जानेवारी १९८२ रोजी जेव्हा अखेरचा मोठा संप सुरू झाला, तेव्हा सुमारे अडीच लाख संपकऱ्यांत स्त्रिया अगदी थोड्या उरल्या होत्या. संरक्षणाचे कायदे युनियनांनी मागितले आणि मिळविले. परंतु त्या संरक्षणाची किंमत नोकरीच्या रूपाने चुकती होऊ नये, ही मागणी त्यांनी तेवढ्या जोराने कधी लावून धरली नाही. हा धडा जुना झालेला नाही. २०१७ च्या दुरुस्तीने प्रसूतिरजा सव्वीस आठवड्यांची झाली. पण राज्य विमा योजनेच्या बाहेर असलेल्या आस्थापनांत त्या रजेच्या वेतनाचा भार अद्याप एकट्या मालकावरच आहे.

याचा अर्थ युनियनांनी स्त्रियांसाठी काहीच केले नाही, असा नव्हे. असे म्हणणे अन्यायाचे होईल. १९६५ साली सर्वोच्च न्यायालयाने निकालात काढलेला इंटरनॅशनल फ्रँचायझेस या कंपनीचा खटला या संदर्भात स्मरणीय आहे. तेथील एका विभागात अविवाहित स्त्रीने लग्न केले की तिची नोकरी संपे. लग्न झालेल्या बायका गैरहजर राहतात, हे त्यामागचे समर्थन. औद्योगिक न्यायाधिकरणापुढे यश आले नाही, तरी बॉम्बे लेबर युनियनने हार मानली नाही. वाद दिल्लीपर्यंत नेला आणि नियम रद्द करून घेतला. लग्न हा स्त्रीचा खाजगी प्रश्न आहे, असे म्हणून युनियनला हात झटकता आले असते. तिने ते केले नाही, आणि एरवी कोणा एका स्त्रीला झेपली नसती अशी लढाई सामुदायिक बळावर जिंकली गेली.

परंतु तेच बळ विरुद्ध दिशेने कसे वळते, हे बावीस वर्षांनंतरच्या दुसऱ्या एका निकालातून दिसून आले. मुंबईतील मॅकिनन मॅकेन्झी कंपनीत पुरुष लघुलेखकांना एक वेतनश्रेणी आणि 'गोपनीय लघुलेखिकां'ना दुसरी, कमी वेतनाची श्रेणी होती. काम सारखेच. १९७६ चा समान वेतनाचा कायदा अस्तित्वात होता. कंपनीचा एक बचाव असा, की ही व्यवस्था युनियनशी झालेल्या करारातून आली आहे. मार्च १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा बचाव फेटाळला. कायद्याने दिलेला हक्क कराराने हिरावून घेता येत नाही, असे सांगितले. निकाल योग्यच होता. पण त्याहून महत्त्वाची गोष्ट अशी, की जो करार कामगाराची ढाल म्हणून जन्माला आला, तीच ढाल येथे मालकाने एका स्त्री कर्मचाऱ्याविरुद्ध पुढे केली. यात कोणाचा दुष्ट हेतू शोधण्याचे कारण नाही. ज्या टेबलाभोवती श्रेणी ठरतात, तेथे लघुलेखिका टिपणे घेण्यासाठी बसते, बोलण्यासाठी नव्हे. १९७६ चा कायदा २०१९ च्या वेतनसंहितेत सामावून घेण्यात आला आहे. कायद्याचे नाव बदलले तरी टेबलाभोवतीच्या खुर्च्यांची मांडणी आपोआप बदलत नाही.

मराठी साहित्याने याबाबत काय केले? मामा वरेरकरांच्या 'धावता धोटा'पासून गिरणगाव मराठी कादंबरीत आला. नारायण सुर्वे यांच्या कवितेने कामगाराला मराठी काव्याच्या केंद्रस्थानी आणून बसविले, आणि त्यांना वाढविणारी काशीबाई स्वतः गिरणीत काम करीत होती. तरीही 'कामगार साहित्य' म्हटले की वाचकाच्या डोळ्यांपुढे साच्यावर उभा असलेला, मोर्च्यात मूठ वळलेला पुरुष येतो. स्त्री येते ती बहुधा आई म्हणून, वाट पाहणारी बायको म्हणून, किंवा डबा घेऊन. पार्वतीबाई भोर यांची 'एका रणरागिणीची हकिगत' १९७७ साली प्रसिद्ध झाली. शब्दांकन पद्माकर चितळे यांचे. गिरणीतील स्त्रियांचे प्रश्न एका संघटक स्त्रीच्या तोंडून सांगणारे हे पुस्तक कामगार साहित्याच्या चर्चेत क्वचितच येते. करारात जी अनुपस्थित, ती वाङ्मयेतिहासातही अनुपस्थित राहिली. या दोन गोष्टींचे मूळ एकच असावे, असे मानण्यास जागा आहे.

खानावळवाल्या बायकांचे उदाहरण याहून बोलके आहे. कोकणातून आणि घाटावरून एकट्याने आलेल्या गिरणी कामगारांना महिनोन्‌महिने जेवू घालणाऱ्या या बायका. संप झाला की कामगाराचा पगार थांबे, पण ताट थांबत नसे. उधारी वाढत जाई आणि सावकाराचे व्याजही वाढे. गिरणगावातील प्रत्येक लांबलेला संप बऱ्याच अंशी या उधारीवर उभा होता. प्रेमाताई पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ स्थापन केले, तेव्हा या बायकांना प्रथमच बँकेचे कर्ज मिळण्याची वाट मोकळी झाली. प्रेमाताई कामगार चळवळीतूनच आलेल्या होत्या, हे विशेष. चळवळीला दिसायला हवे होते ते तिच्यातीलच एका स्त्रीला दिसले. पण त्यासाठी तिला वेगळी संस्था काढावी लागली.

अहमदाबादेत हीच गोष्ट अधिक ठळकपणे घडली. तेथील मजूर महाजन ही गांधीविचारांची, अनसूया साराभाई यांच्या नेतृत्वात वाढलेली संघटना. तिच्या महिला शाखेतून इला भट्ट यांनी हमाली करणाऱ्या, जुने कपडे विकणाऱ्या, घरी बसून शिवणकाम करणाऱ्या स्त्रियांचा संघ उभारला. १९७२ साली 'सेवा'ची नोंदणी होण्याआधी अधिकाऱ्यांनी आक्षेप घेतला, की मालकच नाही तर युनियन कसली? संघ मालकाविरुद्धच असतो असे नाही, तो कामगारांच्या एकजुटीसाठी असतो, हे उत्तर शेवटी मान्य झाले. मात्र १९८१ साली राखीव जागांच्या प्रश्नावर 'सेवा'ने दलितांची बाजू घेतल्यानंतर मजूर महाजनने तिला दूर केले. ज्या घरात जन्म झाला त्या घराचा उंबरठा ओलांडावा लागल्यानंतरच ती वाढली.

येथे एक आक्षेप येणे स्वाभाविक आहे. स्त्रियांनी वेगळे संघ काढले तर कामगारांची एकी फुटेल आणि फायदा मालकाचा होईल, असे जुने कार्यकर्ते म्हणत आले आहेत. हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नाही. फुटीचा फायदा मालकांनी घेतल्याची उदाहरणे मुंबईत कमी नाहीत. परंतु २०१५ च्या सप्टेंबरमध्ये केरळातील मुन्नारच्या चहामळ्यांत जे घडले, त्याने या आक्षेपाची दुसरी बाजू दाखविली. मळ्यांत पाने खुडणाऱ्या, बहुसंख्य तमिळभाषी स्त्रियांचा बोनस दहा टक्क्यांवर आला. मान्यताप्राप्त युनियना तेथे अनेक होत्या आणि त्यांचे पुढारी पुरुष होते. हजारो स्त्रियांनी रस्ता अडविला आणि त्या पुढाऱ्यांनाही जवळ येऊ दिले नाही. नऊ दिवसांनी बोनस आणि सानुग्रह रक्कम मिळून वीस टक्के पदरात पडले. त्यांनी स्वतःला नाव घेतले 'पोंबिळै ओरुमै', म्हणजे बायकांची एकजूट. तमिळ व्याकरणात 'ओरुमै' हा एकवचनासाठी योजला जाणारा शब्दही आहे, हे भाषाभ्यासकांच्या लक्षात येईल. अनेक जणी मिळून एक कर्ता झाल्या. एकी त्यांनी फोडली असे म्हणायचे, तर ती आधी त्यांच्यासह होती असे दाखवावे लागेल. ज्या एकीत अर्ध्या माणसांना बोलता येत नाही, ती एकी केवळ शांतता असते.

तेव्हा वेगळ्या संघाचा मार्ग हा आदर्श नसून निदान आहे. युनियन आपल्या जागी हवीच. कारण एकटी स्त्री न्यायालयात जिंकली तरी तिच्या शेजारणीची श्रेणी त्या निकालाने आपोआप बदलत नाही, ती करारानेच बदलते. प्रश्न मागणीपत्र कोण लिहितो हा आहे. ते लिहिण्याची बैठक स्वयंपाकाच्या वेळी भरत असेल, तर स्त्रियांना मतदानाचा हक्क असूनही आवाज नसतो. श्रेणी ठरविताना 'कौशल्य' कशाला म्हणावे हे पुरुषांच्या कामावरून ठरत असेल, तर समान कामाला समान वेतन मिळूनही विषमता कायम राहते, कारण काम समान आहे हे मान्यच होत नाही. पाळणाघर, रात्रपाळीतील वाहतूक, प्रसूतीनंतर त्याच जागी परतण्याची हमी ही कलमे चर्चेच्या शेवटी, वेतनवाढीच्या बदल्यात सोडून देण्यासाठी ठेवली जात असतील, तर ती मागणीपत्रात असून नसल्यासारखीच आहेत.

साहित्याच्या अभ्यासकांचे यात काही काम नाही, असे समजणे बरोबर होणार नाही. युनियनांच्या कचेऱ्यांतून जुनी मागणीपत्रे, हस्तपत्रके आणि करार धूळ खात पडले आहेत. गिरण्यांच्या जागी इमारती उभ्या राहिल्या, तसे हे कागदही नाहीसे होत आहेत. मराठीतील, गुजरातीतील, तमिळमधील अशा संहिता गोळा करून शेजारी शेजारी ठेवल्या, आणि प्रत्येक भाषेत श्रमणाऱ्या स्त्रीला कोणता शब्द मिळाला आणि कोणता नाकारला गेला, एवढे जरी पाहिले, तरी भारतीय साहित्यांच्या तुलनेला एक नवे आणि भरीव क्षेत्र मिळेल. ज्या आत्मकथनांना समीक्षेने घरगुती आठवणींच्या कप्प्यात ठेवले, त्यांचे वाचनही मग वेगळ्या रीतीने होऊ लागेल. उषाताईंनी मुखपृष्ठावर टाकलेल्या प्रश्नाला पन्नासांहून अधिक वर्षे झाली. प्रश्न युनियनच्या कचेरीला जेवढा लागू आहे, तेवढाच विद्यापीठाच्या वर्गालाही.