पाऊस शिवनीत, पूर ब्रह्मपुरीत

"इकडे तं पानी नाई जी, मंग पूर कुठून आला?" नदीकाठच्या गावात गेलो की हा प्रश्न ठरलेला. २०२० च्या ऑगस्टअखेर तर तो घराघरात होता. आपल्याकडे पाऊस तितका नव्हता आणि तरी वैनगंगेने ब्रह्मपुरी तालुक्यातली काठावरची गावे बुडवली. चारी बाजूंनी नदी असलेल्या लाडजच्या लोकांना बाहेर काढावे लागले. तेव्हापासून मी शेतकरी मेळाव्यात बियाण्याच्या आधी नकाशा काढतो.

वैनगंगा निघते शिवनी जिल्ह्यातल्या मुंडारा गावाजवळ, सातपुड्यात, सहाशे मीटरच्या आसपास उंचीवर. तिथून ती डोंगरातून मोठे अर्धवर्तुळ घेत बालाघाटला उतरते, तेव्हा उंची तीनशेच्या आत आलेली असते. आपल्याकडे जमीन सव्वादोनशे मीटरच्या घरात. म्हणजे नदीचा खरा उतार बालाघाटच्या वरच संपतो. डोंगरात पाणी धावत येते आणि आपल्या सपाटीवर येऊन पसरते. पूर चढायला तासच लागतात, पण बांधीतून उतरायला दिवस जातात, त्याचे कारण हे.

खाली येताना गोंदियाच्या डोंगरातली बाघ आणि शिवनीकडची बावनथडी तिला मिळतात. भंडाऱ्याच्या कारधा पुलाजवळ मोजलेली पातळी आपण पेपरात वाचतो, त्यात हे सगळे पाणी आले. पण कन्हान त्यात येत नाही! ती भंडाऱ्याच्या खाली, आंभोऱ्याला मिळते. यात्रेला आंभोऱ्याला गेलेल्यांनी तो संगम पाहिला असेल, पण तिथे किती मुलखाचे पाणी येते हे लक्षात येत नाही. कन्हान छिंदवाड्याच्या डोंगरातून येते, तिला पेंच मिळते, नागपूर शहराचे सांडपाणी घेऊन नाग नदीही शेवटी तिच्याच पदरात. २०२० साली मोठा घाव घातला तो याच बाजूने. पेंचच्या खोऱ्यात मुसळधार झाली, माचागोरा आणि तोतलाडोह ही धरणे भरलेली, पाणी सोडण्याशिवाय इलाज नव्हता. म्हणून नुसती कारधाची पातळी पाहून निर्धास्त झोपणे बरे नाही. तोतलाडोहचे काय झाले, हेही विचारले पाहिजे.

हे दोन्ही पाणी पवनीजवळ गोसेखुर्दला एकत्र येते. १९८८ मध्ये राजीव गांधींच्या हस्ते पायाभरणी झालेल्या या धरणाला ३३ दरवाजे आहेत आणि २०२० च्या पुरात ते सगळे उघडले होते. लोक रागाने म्हणतात, गोसेने आम्हाला बुडवले. माझे मत थोडे वेगळे आहे. ऑगस्टअखेर धरणात मोकळी जागा कमी असते, वरून डोंगराचा लोंढा आला तर धरण त्याला थोडा वेळ थोपवील, गिळून टाकणार नाही. मात्र वरच्या धरणांतून पाणी निघाले ही खबर मध्य प्रदेशातून नागपूर, भंडारा करीत गावच्या कोतवालापर्यंत वेळेत पोचते का, हा प्रश्न रास्त आहे. नदीला राज्याची हद्द नसते, खबरेला असते.

गोसेच्या खाली चुलबंद मिळते, मग आरमोरीच्या बाजूला गाढवी. यांचे पाणी गोसेच्या विसर्गात धरलेले नसते. शिवाय वैनगंगा दुथडी असली की लहान नद्यानाल्यांना तोंडच उरत नाही. आपला भुती नाला असो की गाढवी, पाणी उलटे मागे तुंबते, आणि नदीपासून लांब असलेली बांधीही बुडते. 'माझे शेत तर नदीवर नाही' म्हणणारे इथे फसतात.

एक सूचना, कारण यात भले भले चुकतात. विसर्ग कधी क्युमेक्समध्ये सांगतात, कधी क्युसेक्समध्ये. एक क्युमेक म्हणजे सेकंदाला हजार लिटर, एक क्युसेक म्हणजे साधारण २८ लिटर. फरक पस्तीस पटीचा. आकडा ऐकला की आधी माप विचारा.

राहिला धान. नागभीड तालुक्यातल्या नांदेडच्या दादाजी खोब्रागडे यांनी दिलेला एचएमटी आपल्या भागाला प्यारा आहे, पण बुडीत सोसण्याचा गुण त्यात नाही. २००९ मध्ये आलेला स्वर्णा सब-१ दोनेक आठवडे पाण्याखाली तग धरतो. दरवर्षी बुडणाऱ्या खोलगट बांध्यांपुरता तो लावून पाहावा, सगळ्या शेतात नको. तांदूळ एचएमटीच्या भावाने जाणार नाही, हे आधीच सांगतो. पूर ओसरल्यावर लगेच युरिया फेकू नये. पाणी काढावे, नवे पान दिसू द्यावे, मगच खताचा हात.

विम्याचेही असेच. २०१८ मध्ये धानाचे बुडीत स्थानिक आपत्तीतून वगळले गेले, आणि नेमके आपलेच शेतकरी उघडे पडले. खरीप २०२६ पासून ते पुन्हा धरण्याचे केंद्राने नोव्हेंबर २०२५ मध्ये जाहीर केले. राज्याच्या अधिसूचनेत ते आहे का, हे हप्ता भरतानाच कृषी सहायकाकडून पाहून घ्यावे, आणि बुडीत झालेच तर ७२ तासांच्या आत कळवावे.