पंधरा दिवसांत जन्मनोंदी दुरुस्त करा, अन्यथा दारात धरणे

आमच्या नगरपालिकेच्या जन्म-मृत्यू नोंदणी विभागाला आणि त्याच्या निबंधकांना हा जाहीर इशारा आहे. निवेदने देऊन झाली, ‘साहेब मीटिंगला गेलेत, सोमवारी या’ हेही ऐकून झाले. यापुढे तोंडी आश्वासन आम्ही घेणार नाही.

अडलेत आमच्या मुलांचे पासपोर्ट, पण गाठ बसली आहे ती तुमच्या रजिस्टरात. बापाचे नाव आधारवर दत्तात्रय, शाळा सोडल्याच्या दाखल्यावर दत्तात्रेय आणि तुमच्या जन्मदाखल्यावर नुसतेच दत्तू. प्रसूतिगृहातून आलेला फॉर्म कारकुनाने मनाला येईल तसा उतरवला आणि कुणी ताडून पाहिला नाही. आज त्या मुलाला परदेशात प्रवेश मिळाला आहे. पासपोर्ट सेवा केंद्रात ‘ए’ काउंटर पार पडला, ‘बी’ काउंटरवरच्या अधिकाऱ्याने तिन्ही कागद शेजारी शेजारी मांडले आणि फाईल तिथेच थांबली. त्या अधिकाऱ्याला आम्ही बोल लावत नाही. पासपोर्टवरचे नाव जगभर दाखवायचे असते, ते त्याने पारखूनच घ्यावे. राग तुमच्यावर आहे. दुरुस्तीचा अर्ज घेऊन आले की उत्तर ठरलेले: ‘जुन्या नोंदीला हात लावता येत नाही, कोर्टाचा आदेश आणा.’

हे धादांत खोटे आहे. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, 1969 मधले कलम 15 काढून वाचा. नोंद चुकली आहे अशी निबंधकाची खात्री पटली, तर मूळ नोंद तशीच ठेवून समासात दुरुस्ती लिहायची, सही करायची, तारीख घालायची. हा अधिकार तुमच्याच खुर्चीला दिला आहे. लेखणी उचलायला कोर्ट कशाला हवे?

उद्याचे संकट तर याहून मोठे आहे. 1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्या मुलांना पासपोर्टसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणून फक्त जन्मदाखलाच चालतो. दाखल्यात घोळ असला तर दुसरा कागद पुढे करायची सोयच उरलेली नाही. त्यातच 1 मे 2024 पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचे नाव घालणे राज्य शासनाने बंधनकारक केले. निर्णय चांगला, आम्हाला मनापासून मान्य. पण तो राबवताना एका कागदावर आईचे नाव आणि दुसऱ्यावर नाही, असा घोळ तुम्ही घातलात तर एक अख्खी पिढी खिडकीपुढे उभी राहील. आज दाखला देतानाच तो आई-बापांना वाचून दाखवा.

आपल्या लोकांनाही खडसावून सांगतो. दलालाला पैसे चारून दाखला ‘बनवून’ घेऊ नका. पासपोर्टसाठी खोटी माहिती देणे किंवा खरी दडवणे हा पासपोर्ट अधिनियम, 1967 च्या कलम 12 खाली गुन्हा आहे. दोन वर्षांपर्यंत कैद, 5,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. आधारवरचे नाव जन्मात दोनदाच बदलता येते, तेव्हा तिथे घाई नको. आधी जन्मदाखला सुधारा, मग बाकीचे कागद त्याला जुळवा.

आता मुदत. हा मजकूर छापून आल्यापासून पंधरा दिवसांत पडून असलेला प्रत्येक दुरुस्ती अर्ज निकाली काढा. नाकारायचा असेल तर कारण लिहून, सहीशिक्क्यासह नाकारा. नवीन अर्जाची पोच त्याच वेळी द्या.

हे झाले नाही तर ज्यांचे दाखले अडले आहेत ते सगळे महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, 2015 खाली एकाच दिवशी अपील दाखल करतील. कसूर सिद्ध झाली तर 500 ते 5,000 रुपयांचा दंड अधिकाऱ्याच्या खिशातून जातो, पालिकेच्या तिजोरीतून नाही. प्रत्येक अर्ज कोणत्या टेबलावर किती दिवस पडला, याची माहिती माहितीच्या अधिकारात मागू आणि टेबलावरच्या माणसाच्या नावासह चौकात लावू. आणि सोळाव्या दिवशी सकाळी, पोलीस ठाण्याला रीतसर पत्र देऊन, आई-बाप मुलांसह तुमच्या विभागाच्या दारात धरण्याला बसतील. दुरुस्त दाखले हातात पडेपर्यंत कुणीही उठणार नाही.