बलरामाची पसंती

हिवाळा लागला की या सदरात भरीत येतंच. पण असोद्याच्या मळ्यातली परवाची पंगत मला गोड लागली नाही. वांगी अजून जाळावर होती आणि एक वडीलधारे नाना म्हणाले, “पोरी पळून जातात, हे खूळ सिनेमानं आणलं.” सगळ्यांनी माना डोलावल्या. मला राहवलं नाही.

१९२१ साली कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी ‘सुरेखा हरण’ हा मूकपट काढला. त्यात कृष्ण झाले होते व्ही. शांताराम. गोष्ट आपल्या वत्सलाहरणाची, म्हणजे सिनेमाच्या कितीतरी आधीची. बलरामाची मुलगी वत्सला, म्हणजेच सिनेमातली सुरेखा, अभिमन्यूला द्यायचं ठरलेलं. पांडव द्यूतात राज्य हरले आणि बलरामानं ती दुर्योधनाच्या लक्ष्मणाला देऊ केली. मग घटोत्कच नवरीचं रूप घेतो, लक्ष्मणाची भंबेरी उडते आणि खरी नवरी अभिमन्यूकडे जाते.

नानांना मी म्हटलं, “मुलगा तोच, मुलगी तीच. गेलं होतं फक्त राज्य. शब्द आधी बापानं मोडला, पोरगी नंतर गेली.”

आज राज्याच्या जागी कापसाचा भाव आहे. कोरडवाहू शेती करणाऱ्या पोराचं स्थळ आलं की पहिला प्रश्न येतो, “पुण्याला नोकरी आहे का?” निर्व्यसनी, कष्टाळू पोरं तिशी ओलांडून बसली आहेत. त्यांच्या आयांची तगमग मला बघवत नाही.

बापाची भीतीही खरी आहे. बोंडअळीनं गेलेलं पीक ज्यानं पाहिलं, तो लेक पुन्हा तशाच घरात द्यायला कचरणारच.

मला राग येतो तो वेगळ्याच गोष्टीचा. ही सगळी बोलणी बैठकीत होतात आणि मुलगी चहा ठेवून आत जाते. याच असोद्यात १८८० साली जन्मलेल्या कवयित्री बहिणाबाईंचं लग्न तेराव्या वर्षी झालं. तेव्हा मुलीला विचारायची रीतच नव्हती. आजची मुलगी पदवीधर आहे. बापाचा पीकविम्याचा अर्ज तीच मोबाइलवर भरते. सातबारा तीच काढून देते. तरी तिच्या लग्नाचं तिला शेवटी कळतं.

तिला शेतकरी नको असेल, तर तो नकार तिचा असू द्या. हवा असेल, तर होकारही तिचाच. या लग्नसराईत एवढं करा: पाहुण्यांना बोलावण्याआधी, घरात कुणी नसताना, आईनं लेकीला विचारावं. ती नाही म्हणाली, तर पाहुण्यांना निरोप धाडावा. मुलाच्या शेताचा आणि पगाराचा हिशेब त्यानंतर.