आतड्याचे दुखणे, पिशवीचे ऑपरेशन आणि कोडचे राजकारण

इटियाडोहच्या कालव्याखालच्या गावांत रोवणीच्या दिवसांत बाया सकाळपासून बांधीतल्या चिखलात वाकून असतात. त्यातल्या एखादीला दर महिन्याला, नेमके पाळीच्या दिवसांत, शौचाला बसले की सुरी फिरल्यासारखे दुखते. पोट फुगते, कधी रक्तही पडते. तिला काय सांगितले जाते? गॅस आहे, आव आहे, जंत असतील. गोळ्यांनी भागले नाही की शेवटचा सल्ला ठरलेला: "लेकरं झालीत ना? मग पिशवी काढून टाका."

या दुखण्याला नाव आहे. एंडोमेट्रिओसिस. गर्भाशयाच्या आतल्या अस्तरासारखा थर गर्भाशयाबाहेर वाढतो. काही स्त्रियांमध्ये तो आतड्यावर, बहुतेक वेळा गुदाशयावर किंवा त्याच्या लगतच्या भागावर, बसतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणे मूल होण्याच्या वयातल्या सुमारे १० टक्के, म्हणजे जगभरात १९ कोटी स्त्रियांना व मुलींना एंडोमेट्रिओसिस आहे. आतड्याचा प्रकार हा त्यातला एक हिस्सा. आणि आतड्यावर बसलेला आजार नुसती पिशवी काढून जात नाही, तो आतड्यावरच राहतो. बाई पिशवीही गमावते आणि दुखणेही जवळ बाळगते.

त्याला कोडही आहे. आयसीडी-१० या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणात आतड्याच्या एंडोमेट्रिओसिसचा कोड एन ८०.५. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०२२ पासून या एका कोडचे कितीतरी तुकडे केले: गुदाशय, सिग्मॉइड, अपेंडिक्स, लहान आतडे; शिवाय वरवरचा की खोल. गुदाशयातल्या खोल आजाराला एन ८०.५१२. तिथे कोडवर विम्याचे बिल निघते, म्हणून एवढी बारकाई. दयामाया काही नाही. पण बिलासाठी का होईना, तिथली बाई कुठे आणि किती खोलवर दुखते हे कागदावर येते.

आपल्याकडे? आमच्याकडे कार्यकर्ते जी डिस्चार्ज कार्डे घेऊन येतात त्यांवर बहुतेक वेळा एकच शेरा असतो, पोटदुखी. त्याचा कोड आर १०.४. फार झाले तर के ५८, म्हणजे आतड्याचा चिडचिडेपणा. कोड लावणारा माणूस रोग ओळखत नसतो. डॉक्टरने लिहिले तेवढ्यालाच तो आकडा देतो. डॉक्टरने पाळीबद्दल विचारलेच नाही, तर एन ८०.५ येणार कुठून? मग जिल्ह्याच्या आकडेवारीत हा आजार दिसत नाही, दिसत नाही म्हणून दुर्बिणीची तपासणी आणि शिकलेला सर्जन जिल्ह्यात आणायची गरज कुणाला वाटत नाही. बाईने नागपूर गाठायचे, तेही मजुरी बुडवून.

हे कुठपर्यंत जाते ते बीडने दाखवले आहे. २०१९ साली शासनाच्या समितीने तिथल्या ८२,३०९ ऊसतोड कामगार स्त्रियांची माहिती घेतली, त्यात १३,८६१ जणींची पिशवी काढलेली निघाली. यातल्या कितींना काय आजार होता? मुळात निदान नोंदवलेच नसेल तर हा प्रश्न कुणी कुणाला विचारायचा? ऊसतोडीच्या फडावर कोणत्या जातीच्या बाया राबतात हे आम्ही वेगळे सांगायला नको.

चळवळीतले काही मित्र म्हणतात, अत्याचार, जमीन, शिष्यवृत्ती एवढे प्रश्न असताना हे कोड काय घेऊन बसलात? आमचा उलट सवाल आहे. १९३१ नंतर जात मोजली नाही म्हणून आपण किती वर्षे भांडलो? ३० एप्रिल २०२५ ला केंद्राने जातगणनेचा निर्णय जाहीर केला तेव्हा पेढे कुणी वाटले? मोजले जाणे हा हक्क आहे हे ज्यांना कळते, त्यांनी बाईच्या पोटातले दुखणे मोजण्याला किरकोळ म्हणू नये. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कायदे कौन्सिलात प्रसूती लाभ विधेयकाची बाजू मांडली ती गिरणीतल्या बाईसाठी. तिचे शरीर हा त्यांना खासगी विषय वाटला नव्हता.

सर्वोच्च न्यायालयाने ५ एप्रिल २०२३ च्या निकालात अनावश्यक गर्भाशय शस्त्रक्रिया रोखण्याच्या केंद्राच्या मार्गदर्शक सूचना तीन महिन्यांत लागू करा, असे राज्यांना बजावले. त्या सूचनांत जिल्हा पातळीवर देखरेख समिती आहे. गोंदिया जिल्ह्यात ती बसली का, बसली तर किती वेळा, हे माहितीच्या अधिकारात विचारता येते. अर्जात वर्षवार, तालुकावार आकडे मागा: किती पिशव्या काढल्या, कोणत्या निदानावर, त्यात एन ८० किती. रुग्णांची नावे मागू नका. ती मिळणारही नाहीत आणि मिळूही नयेत. प्रवर्गवार आकडे मागा. नसतील तर "नोंद ठेवली जात नाही" हे लेखी घ्या, ते उत्तरही कामाचे आहे. दारिद्र्यरेषेखालील अर्जदाराला शुल्क नाही; इतरांना १० रुपये.

आणि गावातल्या बाईला एवढे सांगा: दुखते त्या तारखा वहीत लिही, पाळीच्या तारखांशेजारी. डॉक्टरने विचारले नाही तरी ती वही पुढे ठेव. स्वतःच्या उपचाराची कागदपत्रे मागितल्यावर ७२ तासांत देणे डॉक्टरवर बंधनकारक आहे, हा नियम २००२ पासून आहे.