नॉझिक यांचा ‘जर’ आणि धनिकांचा ‘तर’

श्रमाच्या कमाईवर कर बसविणे हे वेठबिगारीच्याच तोडीचे आहे, असे रॉबर्ट नॉझिक यांनी १९७४ साली ‘अनार्की, स्टेट अँड युटोपिया’ या ग्रंथात लिहिले. हे वाक्य आपल्याकडील मुक्त बाजारपेठेचे पुरस्कर्ते आजही मोठ्या तोऱ्यात फेकतात. आणि आपले कार्यकर्ते ‘भांडवलशाहीचा भाट’ एवढे म्हणून मोकळे होतात! हे उत्तर नव्हे. विद्यार्थिदशेत हा मनुष्य स्वतः समाजवादी गोटात वावरलेला होता. तर्कशास्त्रात त्याचा हात धरणे सोपे नव्हते. जी. ए. कोहेन यांच्यासारख्या मार्क्सवादी विचारवंतानेही या युक्तिवादाने आपली झोपमोड झाल्याची प्रांजळ कबुली दिली, आणि त्याला उत्तर देण्यासाठी आयुष्यातील कित्येक वर्षे खर्ची घातली.

तो युक्तिवाद असा. तुम्हांस न्याय्य वाटेल अशीच संपत्तीची वाटणी झाली आहे, असे समजा. विल्ट चेंबरलेन हा बास्केटबॉलपटू प्रत्येक तिकिटामागे २५ सेंट घेतो. दहा लाख प्रेक्षक राजीखुशीने पैसे मोजतात. त्याच्या पदरी अडीच लाख डॉलर पडतात आणि समता मोडते. यात अन्याय कोणी केला?

प्रश्न चलाख आहे. परंतु प्रेक्षकाने संमती दिली ती एका खेळाला. त्या पैशातून उद्या कारखाने, वर्तमानपत्रे आणि निवडणुका विकत घेतल्या जातील, आणि आपले मूल त्याच्या मुलाच्या दारी नोकरी मागत उभे राहील, याला संमती त्याने कधी दिली होती? ज्यांनी तिकीट काढलेच नाही, त्यांचे काय?

तथापि खरी मेख याहून खोल आहे. नॉझिक यांचा सारा डोलारा एका ‘जर’वर उभा आहे. मूळ संपादन न्याय्य असेल आणि पुढील प्रत्येक हस्तांतरही न्याय्य असेल, तर आजची मालकी न्याय्य. अनुमान निर्दोष आहे. पण अनुमान निर्दोष असल्याने गृहीतक खरे ठरत नाही, हे तर्कशास्त्राचा पहिल्या वर्षाचा विद्यार्थीही जाणतो. नॉझिकही जाणत होते. म्हणून त्यांनी तिसरे तत्त्व सांगितले: भूतकाळातील अन्यायाचे परिमार्जन. ते तत्त्व त्यांनी अर्धवट सोडले, मात्र प्रामाणिकपणे हेही नमूद केले की, परिमार्जनाचा प्रश्न जेथे लागू पडू शकतो तेथे, त्याचा निकाल लागल्याखेरीज, आपल्या सिद्धान्ताच्या आधारे फेरवाटपाची कोणतीही योजना निषिद्ध ठरविता येणार नाही. त्यांच्या भक्तांनी नेमके हेच पान फाडून टाकलेले दिसते.

आता हा ‘जर’ घेऊन महाडला या. १९२७ साली चवदार तळ्याचे पाणी अस्पृश्यांनी प्राशन केले, तेव्हा सनातन्यांनी न्यायालयात धाव घेतली. कैफियत काय, तर तळे हे स्पृश्यांच्या खासगी मालकीच्या स्वरूपाचे! मनुस्मृतीपेक्षा मालमत्तेचा हक्क अधिक कामास येईल, हे त्यांनी नॉझिकच्या किती तरी आधी ओळखले होते. तो दावा १९३७ साली मुंबई उच्च न्यायालयात अखेर कोसळला. परंतु या देशातील किती शेते, किती वाडे आणि किती पाणवठे अशा चौकशीला सामोरे गेले? जातीने ज्यांना जमीन धारण करू दिली नाही, त्यांच्या हिश्शाचा हिशेब कोणत्या खातेवहीत लिहिला आहे?

महाराष्ट्राने १९७५ साली व्यवसायकर बसविला तो रोजगार हमीच्या खर्चासाठी. शहरी पगारदाराच्या खिशातून गेलेले ते थोडेसे पैसे आणि दुष्काळात खडी फोडणाऱ्या बाईची मजुरी, यांतील वेठबिगारी कोणती, हे सांगण्याची जबाबदारी आता त्या पुरस्कर्त्यांवर आहे. आपल्या अभ्यासवर्गांनी मात्र ग्रंथाचे सातवे प्रकरण मुळातून वाचावे. परिमार्जनाचा प्रश्न तेथेच अर्धवट पडून आहे, आणि तो पुढे नेण्याचे काम धनिकांचे वकील करणार नाहीत.